गाडीवाटेचं गवत

द्वारकाबाई हळबे पहिल्यांदा दुकानात आल्या
तेव्हा आजोबांना वाटलं, गाणारी बाई आहे,
जवारी काढून घ्यायला आली असेल.
बाईंनी पिशवीतून कागद काढला,
त्यावर दोन जाळीदार चौकटी, माप इंचात.
म्हणाल्या, ह्यात गवत दाबायचंय.

मिरजेत तंबोरे घडवणाऱ्याला
असलं काम कुणी सांगितलं नव्हतं.
बाबालाल आजोबा हसले नाहीत.
तुणीच्या दांडीतून उरलेले तुकडे काढले,
"ह्याला कीड लागत न्हाई बाई, वजनाला हलकं,
खांद्यावर टाकून कुठंबी जावा."

बाई कुठंबी गेल्या.
आधी दंडोबाच्या डोंगरावर, मग चांदोलीच्या रानात,
वारणेच्या काठाकाठानं पायी, हरिपूरच्या संगमापर्यंत,
मग कच्छ, निलगिरी, आसामातली दलदल.
गळ्यात काळ्या दोऱ्यात भिंग.
लोक दोरा बघायचे आणि पुढचं विचारायचे नाहीत.

स्वतःचा पत्ता नव्हता. आमचा दिला होता.
पोस्टमन पुडकी आणायचा, जुन्या वर्तमानपत्रात
पवन्या, मारवेल, कुसळी, शेडा,
आजी ती माळ्यावर ठेवायची कडुनिंबाचा पाला घालून,
म्हणायची, म्हशीचा घास टपालानं येणारं
हे मुलखातलं एकच घर.

आसामातनं एकदा पत्र आलं:
दाब ओलीनं फुगलाय. रात्री आवळताना दोरी वाजते.
कुठल्या सुराला थांबू?
आजोबांनी मास्तरांकडून उत्तर लिहून घेतलं:
खर्ज लागला की हात काढा.
त्याच्या वर गेलात तर गवत मोडेल.

मग त्या पौषात मंगळवेढ्याकडून भोपळ्यांची गाडी आली.
भोपळे फुटू नयेत म्हणून गवतात रुतवलेले.
बाई ओट्यावर चहा घेत होत्या.
त्यांनी कप खाली ठेवला,
गवतातून एक कणीस उपसलं, भिंग लावलं,
आणि चहावर साय धरेपर्यंत बोलल्या नाहीत.

"हे कुठलं?"
"वाटंत कापलं की. बैलं सोडली तिथं."
"कुठं सोडली?"
लिंगाप्पा गाडीवान म्हणाला, "वाटंत."

त्या एका शब्दात अकरा वर्षं गेली.
मुलुख पालथा घातलेली बाई
आता सत्तर मैलांच्या आत फिरू लागली.
सांगोला, जुनोनी, नागजचा घाट,
प्रत्येक विहीर, जिथं बैल सुटत ते प्रत्येक झाड.
शेळ्यांमागची पोरं त्यांना गवतीण म्हणत,
आणि मुद्दाम हरळी आणून देत.
बाई तीही घेत. तारीख घालत.

शेवटचं आल्या तेव्हा मी आठ वर्षांचा.
मिरजेच्याच दवाखान्यात मोतीबिंदू काढलेला,
डोळ्यावर हिरवी पट्टी.
मला म्हणाल्या, मागच्या अंगणात ने,
गाड्या रिकाम्या करतात तिथं.
भिंतीकडेला उकिडव्या बसल्या,
बोटांनी चाचपत राहिल्या,
एक काडी तोडली, चावली,
तोंड वाईट केलं, पुन्हा चावली.

"बाबालाल, अंगण कधी झाडता?"
"दिवाळीच्या आधी."
"यंदा नका झाडू."

दिवाळीला त्या आल्या नाहीत.
पुढं कधीच. पुडकी पुण्याच्या कॉलेजातले लोक घेऊन गेले,
सही घेतली, मोजून दोनशे बारा.
दाब तेवढा राहिला, तो आमचाच होता म्हणून.

तबलीला सरस लावला की मी त्यातच आवळतो,
दोरी खर्जाला आली की हात काढतो.
अंगणात आता शहाबादी फरशी.
फटीत दर साली काहीतरी उगवतं,
बारीक, तांबूस, वाऱ्यात एकाच बाजूला कलणारं.
सून उपटायला बसते.
मी म्हणतो, भिंतीकडचं राहू दे.
ती विचारते, काय आहे ते?
चव सांगता येते मला. कडू आहे.
नाव नाही सांगता येत.